बिनालॉसचे सहा अल्बम

३ जून, मंगळवार

सकाळी सकाळी पानटपरीवर तोंड कडू झालं. आमच्या गल्लीतला बंटी अमरावतीहून अकोल्याले जाऊन आला म्हणे. कशाले, तर गाणे आणाले! "दादा, वसीमभाईकडे सगळं आहे. डिस्क भरून आणली मी." अबे, मी तुह्या घरापासून दोन घरं सोडून राहतो! मागच्या साली हेच पोट्टे माह्या दारात चपला काढून उभे राहत होते. आता एसटीचं तिकीट काढून अकोल्यात जठारपेठेत वसीमच्या दुकानी जाऊन राहिले.

वसीमले रॉक कोणी शिकवलं? होस्टेलमध्ये माह्या खोलीत आला तवा त्याच्याजवळ कव्वालीच्या कॅसेटी होत्या आन् पिक्चरचे गाणे. टिन ऑर्चर्ड या बँडचं नाव पहिल्यांदा त्यानं माह्याच तोंडून ऐकलं. "टिनाचा बगीचा? हे काय नाव झालं बे?" म्हणून हसत होता. आता तो वसीमभाई झाला.

जाऊ द्या. इथंच लिहून राहिलो, बाहेर बोललो तर लोक हसतील.

५ जून, गुरुवार

जाहिरातीच्या स्टुडिओत दिवसभर माह्या तोंडी एकच वाक्य. "शेतकरी बंधूंनो, सावधान! बोगस बियाण्यांपासून दूर राहा. पक्के बिल घ्या, पिशवीचे सील तपासा." जीपवर भोंगा लावून हे तिवश्याकडं फिरणार. बोबडेकाका म्हणाले, "आवाज आणखी खाली घे, वजन पायजे." मालकाचं आडनाव बोबडे आन् धंदा आवाजाचा! पण काका चांगले. पगार उशिरा देतात, शिव्या वेळेवर.

माइकसमोर मी पुण्याचा, बाहेर आलो की वऱ्हाडी. आई म्हणते, "भोंग्यात तू लय शहाणा वाटतं."

७ जून, शनिवार

वसीमचा फोन. वरडूनच राहिला होता.

"पशा, झालं बे! टी.ओ.चे सहाच्या सहा! लॉसलेस!"

टी.ओ. म्हणजे टिन ऑर्चर्ड, लॉसलेस म्हणजे आख्खे. त्याचंच म्हणणं, एमपीथ्री म्हणजे रसवंतीतून निघालेलं चिपाड आन् लॉसलेस म्हणजे आख्खा ऊस. बँडनं स्टुडिओत जे वाजवलं त्यातलं कायबी गळालं नाही. पहिला अल्बमसुद्धा भेटला त्याले. आपल्या इकडं तो कोणाजवळच नाही, आमच्या दोघांच्या कॅसेटीत तेवढा आहे. तेबी दुसऱ्या कॅसेटवरून उतरवलेला.

कुठल्या तरी देशातला एकच माणूस हे नेटवर देऊन राहिला होता. त्याचं कम्प्युटर चालू पायजे, वसीमच्या दुकानची नेटची लाइन चालू पायजे, आन् अकोल्यात लोडशेडिंग नाही पायजे. तिन्ही जमलं की उलीसं उलीसं, थेंब थेंब यायचं. असं करत करत उन्हाळा काढला पठ्ठ्यानं. देणाऱ्याले नेटवर सीडर म्हणतात. वसीम त्याले 'बी देणारा' म्हणते.

"लय भारी," म्हटलं मी. "अभिनंदन."

फोन ठेवला आन् पोटात असं दुखलं म्हणता! माह्या बँडचे सहाही अल्बम, आन् ते आहेत कोणाजवळ?

९ जून, सोमवार

बोबडेकाकांले सांगतलं की वसीमजवळ लॉसलेस गाणे आहेत.

"म्हणजे?"

"म्हणजे काहीच लॉस नाही काका."

काकांनी पान थुंकलं. "बिनालॉसचं? वऱ्हाडात? कोन्या दुकानात भेटते बे? मलेबी एक पोतं आण."

हसलो, पण मनातून जळूनच राहिलो. रात्रीचं जेवण गेलं नाही. आईनं विचारलं काय झालं, तर म्हटलं ॲसिडिटी.

११ जून

कॅसेट काढून ऐकली. पहिल्या अल्बमचं पहिलं गाणं. बास सुरू होते तवा कोणी जडशी गोणी ओढत आणून राहिलं असं वाटते, आन् मंग तो गायक येते, जाड, थकलेला. हे ऐकतच मी गिटार शिकलो. गिटारीच्या तारा ढिल्या करून कॅसेटीबरोबर जुळवायचो.

वसीमकडचं याच्यापेक्षा चांगलं असन का? असणारच ना, लॉसलेस आहे. देवा, नसू दे.

१४ जून, शनिवार

वसीम येऊन गेला. डीव्हीडी घेऊन. आईनं त्याच्यासाठी पाटोडीची भाजी केली, मी मागतो तवा "बेसन संपलं" म्हणते. "वसीम, वाळला रे बापा," म्हणत तिसरी पोळी वाढली त्याले. घरातबी तोच पहिला!

जेवताना म्हणते, "कोणालेच देल्लं नाई अजून. बंटी लय मागं लागला होता. म्हटलं पहिले प्रशांत ऐकन, पास करन, मंग वाटू. तुह्या कानाले चॅलेंज नाई यार."

हे ऐकून चांगलं वाटाले पायजे होतं. नाही वाटलं. राजानं भाटाले विचारावं, कशी काय माही गादी, तसं वाटलं.

स्टुडिओत नेलं त्याले. काकांचे मोठे स्पीकर. पहिला अल्बम लावला. बास सुरू झाला आन् माह्या लक्षात आलं.

हे ते नाही.

गाणं घाईत होतं. गोणी नाही, कोणी सायकल घेऊन पळून राहिलं होतं. गायकाचा आवाज बारीक, सर्दी उतरल्यावाणी. दहा वर्षं ऐकलेलं गाणं आहे माह्यं, झोपेतून उठवा, सांगतो. हे ते नाहीच!

खरं लिहितो, अंगात अशी गुदगुली झाली की तोंड आवरणं कठीण.

"वसीम," म्हटलं, भोंग्याच्या आवाजात, "माल बोगस आहे."

"काय म्हन्तं?"

"कोणी तरी स्पीड वाढवून ठेवला. कशावरून तरी उतरवलं आन् लॉसलेस म्हणून खपवलं."

तो हळूच म्हणाला, "मलेबी उलीसं फास्ट वाटलं होतं बे. म्हटलं माह्याच कानाचा वांधा असन."

"तुही कॅसेट ऐक घरी. नाही तर माही ऐक, ही घे."

लावली कॅसेट. गोणी ओढत आली बरोबर. वसीमचं तोंड उतरलं. त्याच्याबी कॅसेटीत हेच, तेबी एवढंच ऐकत आला.

"मंग बाकीचे पाच?"

"एकाच पिशवीतलं बी आहे ना? एक बोगस तर सगळंच बोगस."

बाकीचे पाच मी मधूनमधून ऐकले होते. चांगले वाटले होते. लय चांगले. ते नाही बोललो.

अकोल्याच्या गाडीत बसवून दिलं. खिडकीतून म्हणते, "बरं झालं तुले इचारलं. नाई तर लोकायले बोगस वाटलं असतं."

१५ जून, रविवार

टपरीवर बंटीले सांगतलं. फक्त बंटीले. म्हणजे दुपारपर्यंत सगळ्यांले.

लय दिवसांनी पोटभर जेवलो.

१७ जून, मंगळवार

वसीमचा फोन. दुकानातून, मागं त्याचे अब्बा मिक्सरच्या गिऱ्हाइकासोबत भांडून राहिले होते.

"उडवून टाकलं बे सगळं."

"काय?"

"सहाच्या सहा. कम्प्युटरवरून साफ. अब्बा म्हन्तेत, दुकानात खोटा माल ठेवला की खरा माल लाजते. तुह्याकडची डीव्हीडीबी तोडून टाकजो, कोणाच्या हाती लागाले नको."

"हाव," म्हटलं.

"आता दुबार पेरणी! पुन्हा शोधतो, खरं बी शोधतो."

दुबार पेरणी म्हणे. इकडं लोक आभाळाकडं पाहून खरोखर तेच करून राहिले, आन् याले गंमत सुचते. मलेबी हसू आलं. डीव्हीडी तोडाले काढली होती. वाकवली, मंग राहू दिली. काहून ते नाही माहीत.

२० जून, शुक्रवार

जीपसोबत तिवश्याले गेलो, ड्रायव्हरनं भोंग्याची वायर जळवून ठेवली म्हणून. चौकात दुरुस्ती करून राहिलो होतो तर चहावाल्याजवळ बसलेला एक म्हातारा म्हणे, "तो सावधान म्हन्नारा मानूस तूच काय?"

"हाव बुवा."

"मंग खरंच असन. मी पिशवी वापस करून आलो."

"कोणती पिशवी? सील तुटलेलं होतं काय?"

"सील बिल कोन पाह्यते. तुनं म्हतलं सावधान, मी केली वापस."

मी हसलो, तोबी हसला. चहा त्यानंच पाजला.

२३ जून, सोमवार

वसीमचा फोन. आवाज पडलेला.

"बी देणाराच गेला यार. नावच दिसत नाई त्याचं. दुसरीकडं पाह्यलं, जिकडं तिकडं फक्त घेणारे बसून आहेत, देणारा एकबी नाई. बोगस का असेना, होतं तरी."

"जाऊ दे ना. येईन कोणी."

"हाव. तुनं वाचवलं पण."

वाचवलं म्हणे. ठीक आहे. काही तरी बोलावं लागते म्हणून म्हणाला असन.

२६ जून, गुरुवार

सरळ लिहितो.

दुपारी भजनी मंडळाचं रेकॉर्डिंग झालं. त्यांची पेटी स्टुडिओतच राहिली, संध्याकाळी नेणार होते. काका झोपले. माह्या मनात आलं, वसीमले एक पक्का पुरावा देऊ. कुठल्या पट्टीतलं गाणं किती वर चढवलं ते पेटीवर पाहू, म्हणजे पुन्हा कोणी म्हणायचं नाही की प्रशांतनं नुसतं तोंडानं सांगतलं.

पहिले डीव्हीडी लावली. बास धरला पेटीवर. पांढरी तीन. बरोब्बर बसला, पेटीत आन् गाण्यात फरकच नाही.

मंग कॅसेट. तिच्या लगेच खालची काळी दोन दाबली, गाणं वर. पांढरी तीन दाबली, गाणं खाली. दोन पट्ट्यांच्या मधात लोंबकळून राहिलं. पेटीत तो सूरच नाही! जगात कोणता बँड असा मधातच वाजवन?

म्हटलं, स्टुडिओचा टेप बिघडला असन. काकांची जुनी कॅसेट लावली, त्याच भजनी मंडळाची, त्याच पेटीवर गायलेली. चक्क जुळली. टेपचा काही वांधा नाही.

मंग बसलो खाली, सतरंजीवर. आन् सगळं आठवलं.

नागपूरचा एक पोट्टा होस्टेलवर आला होता, त्याच्याजवळ पहिल्या अल्बमची खरी कॅसेट. संध्याकाळच्या गाडीनं जाणार. आमी म्हटलं उतरवून घेऊ. आन् लाइन गेली. तवा दोन टेप समोरासमोर ठेवले, सेलवर. वसीमचा टेप नवा, तो रेकॉर्ड करणार, म्हणून दुकानातले नवे सेल त्याच्यात टाकले. वाजवणारा टेप माहा. त्याच्यात टाकले उन्हात वाळवलेले.

गच्चीवर वाळवायचो आमी सेल, पापडावाणी ओळीनं. उन्हात तापले की पुन्हा उलीसे चालतात. उलीसेच. टेप फिरते, पण म्हाताऱ्यावाणी.

म्हणजे वाजवणारा हळू आन् उतरवणारा बरोबर. गाणं जाड झालं, थकलं, गोणी ओढाले लागलं. त्या कॅसेटीवरूनच वसीमची कॅसेट केली. दहा वर्षं आमी दोघं टिन ऑर्चर्ड नाही, माह्ये वाळवलेले सेल ऐकून राहिलो होतो!

वसीमचं खरं होतं. पांढरी तीन. सहाच्या सहा खरे होते.

पेटीवाले आले तवा म्हणाले, "काय झालं भौ, ताप आहे काय?"

२७ जून

वसीमचा नंबर काढला. लावला नाही.

२८ जून, शनिवार

आज जरा थंड डोक्यानं.

वसीमजवळ काही नाही. देणारा गेला. मंग हे सहा अल्बम बिनालॉसचे कोणाजवळ आहेत? माह्याजवळ. इकडं अमरावती-अकोल्यात फक्त माह्याजवळ, त्या नेटवर जे घेणारे बसून आहेत त्यांच्याजवळबी नाहीत. डीव्हीडी जाहिरातींच्या रॅकमध्ये ठेवली, वरून चिठ्ठी लावली, 'बोगस बियाणे, जुनी जाहिरात'. कोणी हात नाही लावणार.

हेच पायजे होतं ना बे तुले, पशा? घे मंग!

काका जेवाले गेले तवा पुन्हा ऐकलं. दुसरा अल्बम ते सहावा, काय सांगू, ढोलाच्या कातड्यावर काडी पडते तेबी ऐकू येते. पण पहिला लावला की मन मानत नाही. माहीत आहे हेच खरं आहे, पेटीनं सांगतलं, तरी माह्ये कान म्हणतात घाई आहे, घाई आहे. खरा माल घरात आला आन् मले तो ऐकताच येऊन नाही राहिला. आन् वसीमले आला असता. तो म्हणाला असता, "चाल, हे खरं आहे ना, मंग हेच ऐकू," आन् दोन दिवसांत सवय करून घेतली असती. असाच आहे तो. म्हणूनच तर जळतो मी त्याच्यावर. गाण्यासाठी नाही जळत, त्याले कशाचं दुखत नाही म्हणून जळतो.

१ जुलै, मंगळवार

बंटी घरी आला. चपला बाहेर काढल्या, पहिल्यावाणी. "दादा, तुमच्याजवळ टी.ओ. आहे काय? वसीमभाई म्हणाले, आता प्रशांतलेच विचार, त्याचा कान म्हणजे काटा आहे सोनाराचा."

"नाही," म्हटलं.

आई स्वयंपाकघरातून, "काहून खोटं बोलतं रे, तुह्यं तर कपाट भरून आहे गाण्यानं!"

तिले काय माहीत. पण मी असा दचकलो की बंटीनं पाह्यलं.

४ जुलै, शुक्रवार

वसीमचा फोन. पुन्हा तोच जुना, वरडणारा.

"पशा, आयडिया आली! खरा माल आपल्याजवळच आहे ना बे. तुही कॅसेट! माह्यापेक्षा तुही साफ आहे. तुह्या स्टुडिओत कम्प्युटरवर घेऊ, चांगली साफसफाई करू, आन् आपणच देऊ नेटवर. आपणच बी देणारे! लिहू खाली, बाकी सगळे फास्ट आहेत, बोगस आहेत, असली स्पीड फक्त हीच. वऱ्हाडातून! दुनियेले कळू दे."

"वसीम, ऐक..."

"तुह्यंच नाव पहिले टाकू. तपासणार प्रशांत, अमरावती. रविवारी येतो. कॅसेट घेऊन स्टँडवर येजो, तिथूनच स्टुडिओले जाऊ. आईले सांगजो भाजी तीच."

फोन ठेवला त्यानं. माह्यं नाव पहिले टाकणार म्हणे! दहा वर्षं ज्याच्यासाठी तडफडलो ते तो असं काढून देऊन राहिला, पाटोडीच्या भाजीवाणी.

५ जुलै

काकांले विचारलं, एखाद्यानं भोंग्यात चुकीचं सांगतलं असन तर काय करावं?

"दुसऱ्या दिवशी जीप फिरवा, बरोबर सांगा. धकते."

"आन् तोवर कोणी पिशवी वापस करून बसला असन तर?"

काका म्हणाले, "तुले सुट्टी पायजे काय?"

६ जुलै, रविवार

एसटी स्टँड. बाकावर बसून लिहून राहिलो. अकोला गाडी लेट.

पिशवीत दोन्ही आहे. कॅसेट वर, डीव्हीडी खाली वर्तमानपत्रात गुंडाळून. आईनं डबाबी देल्ला, म्हणे दोघं गरमच खा.

ठरवलं असं की त्यानं विचारलं तर सांगून टाकीन. डीव्हीडी तोडली काय, एवढं जरी विचारलं तरी धकते, मंग सेलचं सांगीन, पेटीचं सांगीन, सगळंच सांगीन. शिव्या देईन तो, देऊ दे. विचारलं पायजे मात्र त्यानं.

पण तो काहून विचारन? त्याचा माह्या कानावर भरोसा आहे.

गाडी आली. हे पाह्य, दारात उभा आहे, थांबाच्या आधीच उतरून राहिला बह्याड. हात हलवते. "आणली काय बे?" तिथूनच वरडून राहिला, सगळं स्टँड पाहून राहिलं.

आणली म्हणून मीबी हात वर केला. आता पिशवीत हात घातला की जे पहिले हाती लागन तेच त्याले देईन. वर कॅसेट आहे, मीच ठेवली.